जिनेतची ढोली

पॅरिस, सोमवार, ७ ऑक्टोबर १९७४

जिनेत,

पाकिटावरचं अक्षर ओळखूनही तू ते शेगडीत टाकलं नाहीस, म्हणजे अर्धी लढाई मी जिंकलो. आता उरलेली अर्धी. शेवटपर्यंत वाच, मग हवं तर टाक.

तू दिएपला एका सिनेमाच्या तिकीटखिडकीत बसतेस हे मला मेकअपवाल्या लुसेतने सांगितलं. म्हणजे माझं थोबाड तुला अधूनमधून दिसतच असणार. पोस्टरवर नाही, पोस्टरवर मी कधीच नसतो. आत, पडद्यावर, साधारण विसाव्या मिनिटाला. तेरा वर्षांत बासष्ट चित्रपट केले. अठरा वेळा मेलो, अकरा वेळा इन्स्पेक्टर झालो. कसाई झालो, नोटरी झालो, नको त्या वेळी घरी परतणारा नवरा तर किती वेळा झालो ते मोजलंच नाही. एकदा बिशप होतो, पण बिशपचं सगळं काम कापलं. आमच्या बाजारातली चीजवाली दर शनिवारी विचारते, "अहो, तुम्ही ते हे ना? ते... ते हो!" मी म्हणतो, "हो बाई, तोच मी." "नाव काय तुमचं?" "ऑक्ताव रिबेरोल." ती जरा विचार करते आणि म्हणते, "छे, ते नव्हेत ते."

असो. आता खुर्चीत नीट बैस. आपल्या जुन्या लांतेर्न नाटकगृहात मला काम मिळालंय. मुख्य काम, जिनेत! त्रेसष्टाव्या वर्षी! पोस्टरवर नाव, तेही सगळ्यात वर. म्हातारा घड्याळजी आहे, बायको गेलेली, तिन्ही जावई घर विकायला टपलेले, आणि हा पठ्ठ्या आतून कडी लावून बसलेला. तिसऱ्या अंकात चार पानांचं स्वगत आहे. समोर बायकोची रिकामी खुर्ची, बाकी कुणी नाही. पहिला प्रयोग २९ नोव्हेंबरला. दिग्दर्शक रेमी नावाचा पोरगा आहे, डोक्यावर मेंढीएवढे केस, पण डोकं चांगलं आहे.

मुद्द्यावर येतो. नाटकाला प्रॉम्प्टर हवाय. मालक तेच आहेत, आपले कॉर्बिये. परवा स्वतःहून म्हणाले, "आज आपली जिनेत असती तर काय बहार आली असती." मी म्हटलं, मी लिहितो तिला. सहाच आठवड्यांचा प्रश्न आहे. येशील?

झालं गेलं फार जुनं झालं. आपण दोघंही म्हातारे झालो.

तुझा,
रिबेरोल (तू मला आडनावानेच हाक मारायचीस, म्हणून)


पॅरिस, सोमवार, २१ ऑक्टोबर

जिनेत,

तुझं कार्ड मिळालं. दिएपचा धक्का, बोटी, सीगल, आणि मागे दोन ओळी: "कॉर्बिये माझी आठवण काढणार नाहीत. खरं काय ते लिही."

एकोणीस वर्षं तू माझ्या पायांशी बसून माझं प्रत्येक वाक्य माझ्याआधी वाचलंस. तुला फसवायला निघालो, हा माझाच गाढवपणा.

खरं हे आहे. कॉर्बियेंनी काहीही विचारलेलं नाही. प्रॉम्प्टर नाटकाला नकोय, मला हवाय. माझी वाक्यं जातात, जिनेत. सकाळी दाढी करताना सगळं पाठ असतं, अगदी पाण्यासारखं वाहतं. तालमीत उभा राहिलो की मधलंच एक वाक्य नाहीसं होतं. आधीचं आहे, नंतरचं आहे, मधलं नाही. सिनेमात हे खपून गेलं. तिथे मला बोलायला असायचं काय? "साहेब, प्रेत सापडलं." तेवढं माणसाला आठवतं.

तिसऱ्या अंकातलं स्वगत मी घड्याळांत लपवलं. खरंच. रंगमंचावर नऊ घड्याळं आहेत, प्रत्येकाच्या झाकणामागे चिकटवली एकेक चिठ्ठी. घड्याळजी घड्याळं उघडून बघतो, कुणाला शंका येणार? मोठ्या ऐटीत पहिलं घड्याळ उघडलं. आत लख्ख पितळ! सामान सांभाळणारी बाई भलतीच टापटिपीची निघाली, तिने नऊच्या नऊ पुसून ठेवली होती. मी त्या पितळेत स्वतःचं तोंड बघत उभा. रेमी म्हणाला, "मस्यू रिबेरोल, हे थांबणं फार छान होतं, पण जरा लांबलं." मी मान डोलावली. हात खिशात घातले.

विंगेत जेरोम उभा असतो. माझा बदली. पंचेचाळिशीचा, अंगाने भरलेला, स्वभावाने गरीब. मी बोलत असतो तेव्हा त्याचे ओठ हलतात. त्याला सगळं पाठ आहे, अगदी स्वल्पविरामासकट. त्याचा राग करावा असं काही तो करत नाही, आणि त्याचाच मला जास्त राग येतो.

हे इथे कुणालाही माहीत नाही. कळलं तर त्याच दिवशी घड्याळजी जेरोमचा. असं काम मला पुन्हा मिळणार नाही, हे मला सांगायला कुणी शहाणा नको. ये. त्या मार्चबद्दल आपण भेटल्यावर बोलू, पत्रात नको.

रिबेरोल


पॅरिस, शनिवार, २ नोव्हेंबर

जिनेत,

तुझं उत्तर नाही. तरी लिहितो.

काल मृतांच्या स्मरणाचा सण, सगळं पॅरिस शेवंतीच्या कुंड्या घेऊन स्मशानात लोटलं होतं. मीही आईच्या थडग्यापाशी गेलो. मनात म्हटलं, रिकाम्या खुर्चीशी बोलायचंच आहे तर इथे तालीम करू, आई काही तक्रार करणार नाही. बारा ओळी छान झाल्या. तेराव्या ओळीला गेलं! शेजारच्या थडग्यावर एक विधवा कुंडी लावत होती, ती डोळे पुसत माझ्याकडे वळली आणि म्हणाली, "बोला ना हो. पुढे काय म्हणालात तुम्ही तिला?" मी तिथून अक्षरशः पळ काढला.

सोमवारी धीर करून कॉर्बियेंकडे गेलो. म्हटलं, स्वगत मोठं आहे, ढोली उघडली तर बरं. रंगमंचाच्या पुढच्या कडेची तुझी ती ढोली त्यांनी फळ्या ठोकून बंद केली आहे. रेमी तिथेच होता. त्याला ढोली म्हणजे काय हेच ठाऊक नव्हतं! "तिथे माणूस बसायचा? दोन तास? जमिनीखाली?" मी म्हटलं, "बसायची. आणि तिचं डोकं तुझ्यामाझ्या गुडघ्याला लागायचं. नट वाक्य विसरला तर आम्ही त्याला खड्डा म्हणतो, आणि मुद्दाम थांबला तर पॉज. दोन्हींत बाहेरून काडीचा फरक नसतो. जिला तो फरक कळतो ती प्रॉम्प्टर." पोरगा खूश झाला. म्हणाला, "मग उघडू या की! कोण मिळेल?"

मी तुझं नाव घेतलं.

कॉर्बिये हसले. म्हणाले, "जिनेत मोरेल? जिला शेवटी पॉज आणि खड्डा यांतला फरक कळेनासा झाला, ती?" असं म्हणून त्यांनी माझ्याकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं.

मी गप्प बसलो.

म्हणून एक युक्ती सुचवतो, चिडू नकोस. तू दुसऱ्या नावाने ये. लुसेतची मावसबहीण म्हणून ये. ढोली नकोच, रंगमंचावर एक मोठं चुलाण आहे, त्याच्यामागे स्टूल ठेवता येईल. कॉर्बियेंना आता लांबचं दिसत नाही.

आणि त्या मार्चबद्दल एवढंच, की खरं सांगायचं तर त्या रात्री मी विसरलो होतो की थांबलो होतो हे आता मलाही नक्की आठवत नाही. तेरा वर्षं झाली.

तुझा,
ऑक्ताव


पॅरिस, मंगळवार, १२ नोव्हेंबर

जिनेत,

माझंच पत्र मला परत! 'नक्की आठवत नाही' या शब्दांखाली पेन्सिलीने रेघ, आणि बाकी एक अक्षर नाही. नाटकाच्या प्रतीत तू मारायचीस तशीच रेघ, पट्टी न लावता सरळ.

आधी मी संतापलो. तुला शिव्या घालणारं तीन पानी पत्र लिहिलं. त्यात लिहिलं होतं, तुलाही तोंड होतं की! तू का नाही बोललीस त्या दिवशी? तूही तिथेच उभी होतीस. मी बोललो आणि तू गप्प राहिलीस, मग दोष एकट्या माझा कसा? ते पत्र फाडलं. कारण तू का बोलली नाहीस हे मला माहीत आहे. लांतेर्नच्या झाडूवालीलाही माहीत आहे. नटाला खड्डा पडला होता हे प्रॉम्प्टर ढोलीच्या बाहेर कधीही बोलत नाही. नवऱ्याला नाही, पाद्र्याला नाही. बोलली की संपली, मग कोणता नट तिच्या भरवशावर रंगमंचावर उभा राहील? तू तुझा धर्म पाळलास, आणि तू पाळणारच या खात्रीवर मी खोटं बोललो.

आठवत नाही म्हणालो ना? चोराच्या मनात चांदणं. सगळं आठवतं.

दुसरा अंक. आपल्या मुख्य नटी वालब्रेगबाई, मी नाटकात त्यांचा दीर. त्यांनी मला विचारायचं, "पत्र कुणाला दिलंत?" आणि मी सांगायचं. त्यांनी विचारलं आणि माझं डोकं पुसलेल्या पाटीसारखं झालं. नाटकाचं नावसुद्धा आठवेना. मी खाली पाहिलं. तू माझ्याकडे बघत होतीस. तू थांबलीस, दोन श्वास थांबलीस, तिसऱ्यालाही थांबलीस, मग शब्द दिलास. मला ऐकू गेला नाही. मी भीतीने बहिरा झालो होतो. पुन्हा दिलास, जरा मोठ्याने. पुढच्या रांगेतला एक जाड्या खोऽखो हसला, मग सगळी रांग हसली, आणि वालब्रेगबाईंचा तो प्रवेश, ज्यासाठी लोक तिकीट काढून येत, तो मातीत गेला.

नंतर कॉर्बियेंच्या खोलीत बाई किंचाळत होत्या. "कुणी घालवलं? आत्ताच्या आत्ता सांगा! त्याने की तिने?" कॉर्बियेंनी मला विचारलं. मी म्हणालो, "मी पॉज घेतला होता. मुद्दाम. तिला कळलं नाही."

तू माझ्याकडे पाहिलंस. मग चष्मा काढलास, पुसलास आणि पर्समध्ये ठेवलास.

तो खड्डा होता, जिनेत. तुझा कान बरोबर होता. त्या रात्रीही, त्याआधीच्या प्रत्येक रात्रीही. महिन्याभरात सगळ्या नाटकगृहांत पसरलं की मोरेलबाईंना आता कळत नाही, आणि तुला कुणी दारात उभं केलं नाही. मी लोकांना सांगत सुटलो की नाटकात काही राम राहिला नाही, सिनेमाच बरा. खरं म्हणजे मला पुन्हा तुझ्याशिवाय रंगमंचावर उभं राहायची भीती वाटत होती.

हे लिहिताना मला लाज वाटते. हे वाक्य मी कुणाच्याही नाटकातून उचललेलं नाही.

रिबेरोल


पॅरिस, बुधवार, २० नोव्हेंबर

जिनेत,

तीन ओळींचं का होईना, पण पत्र आलं. मी ते कोटाच्या आतल्या खिशात ठेवलंय. "मला सांगायची गरज नव्हती, मला माहीत होतं. जिथे बोललास तिथे सांग, ज्यांना सांगितलंस त्यांना सांग. मग बघू."

वालब्रेगबाई वारल्या, तू वाचलं असशील. उरले कॉर्बिये.

तुला माझी कोंडी कळतेय ना? मी त्यांना सांगितलं की तो खड्डा होता, तर ते पुढचा प्रश्न विचारणार: "आणि आता?" आता काय सांगू? आता रोज पडतात म्हणून? की परवा तालमीत मोठ्या जावयाला बोलायचं वाक्य धाकट्याला बोललो आणि सगळे हसायला लागल्यावर मीही हसलो म्हणून? रेमी हल्ली मला काही सांगत नाही. आधी दर पाच मिनिटांनी थांबवायचा, आता थांबवत नाही, नुसता वहीत लिहितो. काल मी मेकअपच्या खोलीत शिरलो तेव्हा लुसेत आणि जेरोम बोलता बोलता गप्प झाले. जेरोम म्हणाला, "तुम्ही झोपता ना नीट, मस्यू रिबेरोल?" इतक्या मायेने म्हणाला की मी दार आपटून बाहेर आलो.

नऊ दिवस राहिले. बासष्ट चित्रपटांत मला कुणी विचारलं नाही की तू आहेस कोण. आता कुठे विचारताहेत, आणि तू म्हणतेस की जा, आणि जाऊन सांग की मी कोण आहे.

आज दोनदा कॉर्बियेंच्या दारापर्यंत गेलो. दोनदा परत आलो.

रि.


पॅरिस, मंगळवार, २६ नोव्हेंबर

जिनेत,

सांगितलं.

खोलीत नाही सांगितलं. खोलीत सांगितलं असतं तर ते चार भिंतींत मुरलं असतं. आज दुपारी तालमीत सांगितलं, सगळी मंडळी जमलेली, दिवे लागलेले, कॉर्बिये पाचव्या रांगेत सँडविच खात बसलेले. तिसरा अंक सुरू झाला. मी खुर्चीसमोर उभा राहिलो, सहा ओळी बोललो, आणि गेलं. रेमी वहीत लिहायला लागला. मी म्हटलं, "लिहू नकोस. हा पॉज नाही, खड्डा आहे. मला हे स्वगत पाठ होत नाहीये."

विंगेत जेरोमचे ओठसुद्धा थांबले.

मी कॉर्बियेंकडे वळलो. "आणि एकसष्टच्या मार्चमध्येसुद्धा तो खड्डाच होता. जिनेत मोरेलने बरोबर शब्द दिला होता. मी तुमच्या खोलीत खोटं बोललो."

कॉर्बियेंनी सँडविच कागदात गुंडाळलं. फार सावकाश. मग म्हणाले, "ऑक्ताव, तुला काय वाटलं, आम्ही आंधळे होतो? तुझ्या नाकाच्या शेंड्यावरून घाम गळत होता. पॉज घेणाऱ्याला घाम फुटत नाही."

"तुम्हाला माहीत होतं?"

"मला होतं, लुसेतला होतं, पडदेवाल्याला होतं. वालब्रेगबाईंना तर होतंच, त्या तुझ्यापासून हातभर अंतरावर होत्या."

"मग तिला का काढलंत?"

"बाईंना त्या रात्री कुणाचा तरी बळी हवा होता. कुणाचा ते तू सांगितलंस." ते उठून रंगमंचाच्या कडेपर्यंत आले. "तू खोलीतून गेलास ना, त्यानंतर मी दारात उभा होतो. पाव तास. खोटं बोलून माणूस जिन्यापर्यंत जातो आणि मग परत येतो, असे पुष्कळ पाहिलेत मी. आला असतास तर तुला चार शिव्या घातल्या असत्या आणि दोघांना जेवायला नेलं असतं. बाईंची समजूत मी काढली असती. तू आला नाहीस."

"तुम्ही स्वतः का नाही काही बोललात?"

"कारण मी मालक होतो, आणि मला ते सोयीचं होतं. माझी लाज माझ्यापाशी आहे. तुझी मी उचलणार नाही."

जिनेत, तेरा वर्षं मी समजत होतो की मी एक गुपित सांभाळतोय. गुपित नव्हतंच! सगळ्यांना ठाऊक होतं, आणि सगळ्यांनी अळीमिळी गुपचिळी केली, कारण तू गप्प राहणार होतीस. तुला परत आणायला मी एक जिना उतरून पुन्हा चढणं पुरेसं होतं. कुणी मारलं असतं तरी मला एवढं लागलं नसतं.

पुढचं ऐक, मग तू ठरव. रेमीने विचारलं, "मग शुक्रवारी काय करायचं?" कॉर्बिये म्हणाले, "सुताराला बोलवा, ढोली उघडा. मोरेलबाई येऊन बसल्या तर हा उभा राहील. नाही आल्या तर जेरोम." म्हणजे माझं काम आता तुझ्या हातात आहे. हे तुला कळवू नये असं दिवसभर वाटत होतं, तुझ्यावर ओझं टाकल्यासारखं होईल म्हणून. पण लपवायची खोड मोडायची तर कुठून तरी सुरुवात करायला हवी.

शिवाय कॉर्बिये तुला वेगळं पत्र लिहिताहेत. माफीचं आहे. मी वाचलेलं नाही, त्यांनी वाचू दिलं नाही. ते तुझं आहे. माझ्यासाठी यायचं नसेल तरी ते वाच.

ऑक्ताव रिबेरोल


लांतेर्न, शनिवार, ११ जानेवारी १९७५

जिनेत,

हे पत्र तिकीट न लावता दरवानाकडच्या तुझ्या कप्प्यात टाकतोय. तू माझ्यापासून तीस पावलांवर आहेस, जिन्याखालच्या खोलीत, चहा पीत. आधीची तीन तू कप्प्यातून काढलीस आणि न बोलता पर्समध्ये ठेवलीस. तेवढ्यावर हे चौथं.

तू पहिल्या प्रयोगाच्या आदल्या दिवशी, गुरुवारी, दुपारच्या गाडीने आलीस, तपकिरी कोट घालून, हातात उशी आणि टॉर्च. ढोलीतली उंदरांची घाण स्वतः झाडलीस. रेमी मदतीला आला तर त्याला म्हणालीस, "बाजूला हो बाळा, केसात जाईल तुझ्या." मग प्रत उघडलीस, संध्याकाळपर्यंत पेन्सिलीने खुणा केल्यास. मी विंगेतून पाहत होतो. माझ्याकडे तू पाहिलं नाहीस.

शुक्रवारी तिसऱ्या अंकात मला चारदा खड्डा पडला. चारदा तू शब्द दिलास. इतका हळू, की मला वाटलं तो माझ्याच डोक्यातून आला. पुढच्या रांगेतल्या कुणाच्या भुवया हलल्या नाहीत. एका पेपरवाल्याने लिहिलं की रिबेरोल यांच्या मौनात त्या म्हाताऱ्याचं सगळं आयुष्य दिसतं. वाचून मला हसावं की रडावं कळेना. त्या मौनात तू दिसायला हवी होतीस.

आज चव्वेचाळीस दिवस झाले. दरवानाला तू रोज शुभसंध्या म्हणतेस. लुसेतबरोबर पत्ते खेळतेस, आणि ती सांगते तू लबाडी करतेस. जेरोमच्या आईच्या गुडघ्याची तुला इत्थंभूत माहिती आहे. कॉर्बियेंशीही बोलतेस, एकदा हसताना ऐकलं. माझ्याशी रोज दोन तास बोलतेस, पण ते शब्द माझे असतात, घड्याळजीचे असतात. तुझा स्वतःचा एकही नाही.

आधी वाटलं ही शिक्षा आहे आणि कधीतरी संपेल. आता कळलं. तू माझ्यासाठी आलीच नव्हतीस. तू तुझ्या ढोलीसाठी आलीस, जी मी तुझ्याकडून काढून घेतली होती. दोन नाटकगृहांनी तुला येत्या वसंतापासून कामाला बोलावलंय, हे मला लुसेतकडून कळलं. मला इतका आनंद झाला की मी जिन्यात बसून राहिलो. माझं काय? माझ्यासाठी एका सिनेमात कसाई आहे, फेब्रुवारीत. सहा वाक्यं. जमतील.

माझा हक्क काही नाही, हे मला ठाऊक आहे. तरी एक मागतो. पहिल्या प्रयोगाच्या दिवशी पडद्याआधी सगळे माझ्या दारात आले आणि ती आपली घाणेरडी शिवी देऊन गेले. रेमीला वाटलं भांडण झालं! त्याला सांगावं लागलं की नाटकवाले एकमेकांना शुभेच्छा देत नाहीत, दिल्या तर नाटक पडतं. शिवी देतात, आणि ज्याला मिळाली त्याने आभार मानले तर तेही अशुभ. तू जेरोमला दिलीस, लुसेतला दिलीस, त्या पोराला समजावून झाल्यावर त्यालाही दिलीस. माझ्या दारावरून पुढे गेलीस.

उद्या दुपारी शेवटचा प्रयोग. संध्याकाळच्या गाडीने तू दिएपला जाशील. पडदा उघडायचे तीन ठोके पडायच्या आधी माझ्या दारात थांब आणि मला ती शिवी दे. रीत म्हणून नको. तेरा वर्षं पोटात ठेवलीस ती दे, सगळ्यांना ऐकू जाईल इतक्या मोठ्याने दे. मी दार उघडं ठेवतो. मी आभार मानणार नाही.

रिबेरोल